दोन अलिखित नियम आणि एक हंगाम : लॉयोला विरुद्ध मिसिसिपी स्टेट, १९६३

१५ मार्च १९६३, शुक्रवार. अमेरिकेच्या मिशिगन राज्यातील ईस्ट लान्सिंग हे गाव. तेथील जेनिसन फील्ड हाउस या बंदिस्त क्रीडागृहात महाविद्यालयीन बास्केटबॉलच्या राष्ट्रीय स्पर्धेचा एक सामना सुरू होणार होता. रिवाजाप्रमाणे दोन्ही कर्णधार मैदानाच्या मध्यावर आले. एक शिकागोच्या लॉयोला विद्यापीठाचा जेरी हार्कनेस, कृष्णवर्णीय. दुसरा मिसिसिपी स्टेट विद्यापीठाचा जो डॅन गोल्ड, गोरा. दोघांनी हात मिळवले आणि त्याच क्षणी छायाचित्रकारांचे दिवे चोहोबाजूंनी लखलखू लागले. आपण नुसता सामना खेळायला आलेलो नाही हे त्या लखलखाटात आपल्याला उमगले, असे हार्कनेस पुढे अनेकदा सांगत असे.

खेळाडूंनी हस्तांदोलन करणे ही बातमी कशी होऊ शकते, हे समजण्यासाठी दोन नियमांची ओळख करून घ्यावी लागते. दोन्ही नियम कोणत्याही पुस्तकात छापलेले नव्हते. एक दक्षिणेचा होता, दुसरा उत्तरेचा. पहिल्याबद्दल बरेच लिहिले गेले आहे, दुसऱ्याबद्दल फार कमी.

प्रथम दक्षिणेचा.

डिसेंबर १९५५ मध्ये मिसिसिपीतील जोन्स काउंटी ज्युनियर कॉलेजचा फुटबॉल संघ कॅलिफोर्नियात एका सामन्यासाठी गेला. प्रतिस्पर्धी कॉम्प्टन कॉलेजच्या संघात कृष्णवर्णीय खेळाडू होते. शाळांमधील वर्णविभाजन घटनाबाह्य ठरवणारा सर्वोच्च न्यायालयाचा निकाल येऊन तेव्हा जेमतेम दीड वर्ष झाले होते आणि दक्षिणेतील सत्ताधारी वर्ग चवताळलेला होता. या सामन्याने राज्याच्या विधिमंडळात काहूर उठले. पुन्हा असे घडले तर त्या संस्थेचे सरकारी अनुदान बंद होईल, अशा धमक्या दिल्या गेल्या. कायदा मात्र झाला नाही. त्याची गरजच पडली नाही, कारण सरकारी पैशावर चालणाऱ्या महाविद्यालयांनी इशारा ओळखला आणि मिसिसिपीचे गोरे संघ कृष्णवर्णीय खेळाडू असलेल्या संघांशी खेळेनासे झाले. वर्तमानपत्रे याला सरळ ‘अलिखित कायदा’ म्हणत.

या अलिखित कायद्याची सर्वाधिक झळ ज्या संघाला बसली तो मिसिसिपी स्टेटचा. हे राज्याच्या ईशान्य भागात स्टार्कव्हिल येथे असलेले, शेतकी शिक्षणातून वाढलेले विद्यापीठ. तेथे जेम्स मॅकार्थी नावाचा प्रशिक्षक आला. सारे त्याला ‘बेब’ म्हणत. बोलण्यात गोड, स्वभावाने विक्रेता (काही काळ तो तेलकंपनीसाठी विक्रीही करत होता), आणि खेळाच्या डावपेचांत पक्का. त्याने केंटकीसारख्या बलाढ्य संघाची आग्नेय परिषदेतील मक्तेदारी मोडली. १९५९ साली बेली हॉवेल या असामान्य खेळाडूच्या बळावर त्याच्या संघाने २४ सामने जिंकले आणि एकच गमावला. परिषदेच्या विजेत्याला राष्ट्रीय स्पर्धेत थेट प्रवेश मिळे. मिसिसिपी स्टेटने तो नाकारला. १९६१ मध्ये पुन्हा विजेतेपद आणि पुन्हा नकार. १९६२ मध्ये तेच. राष्ट्रीय स्पर्धेत कृष्णवर्णीय खेळाडूंशी गाठ पडणार हे उघड होते, म्हणून संघ घरी बसला. या वर्षांत अनेक मुले विजेती म्हणून पदवीधर झाली आणि देशात आपण नेमके कितवे होतो हे त्यांना कधीच कळले नाही.

आता उत्तरेचा नियम.

उत्तरेकडील विद्यापीठांत कृष्णवर्णीय खेळाडू होते, आणि या गोष्टीचा तिकडे अभिमानही मिरवला जाई. पण एका वेळी मैदानावर असे किती खेळाडू उतरवायचे याचा एक मूक हिशेब प्रत्येक प्रशिक्षकाच्या डोक्यात असे. घरच्या मैदानावर दोन, बाहेर तीन, आणि सामना हातचा जात असेल तर चार, अशा अर्थाची थट्टा त्या काळी प्रशिक्षकांच्या वर्तुळात प्रचलित होती. थट्टेमागे देणगीदारांची नाराजी, प्रेक्षकांची नापसंती आणि वर्तमानपत्रांची कुजबुज होती. मिसिसिपीत अनुदानाची धमकी होती, येथे डोळ्यांनी केलेली खूण होती.

लॉयोला हे शिकागोतील जेझुइट पाद्र्यांचे विद्यापीठ. तेथील प्रशिक्षक जॉर्ज आयर्लंड हा काही समाजसुधारक म्हणून प्रसिद्ध नव्हता. त्याला जिंकायचे होते. मोठी विद्यापीठे ज्यांच्याकडे पाहत नव्हती अशा मुलांच्या शोधात तो न्यूयॉर्कला गेला, नॅशव्हिलला गेला. न्यूयॉर्कहून हार्कनेस आणि रॉन मिलर आले. हार्कनेस हार्लेममध्ये वाढला होता; वायएमसीएच्या व्यायामशाळेत त्याचा खेळ पाहून बेसबॉलमधील वर्णभिंत पाडणाऱ्या जॅकी रॉबिन्सनने त्याला महाविद्यालयाचा मार्ग सुचवला, अशी आठवण तो सांगत असे. नॅशव्हिलच्या पर्ल हायस्कूलमधून लेस हंटर आणि व्हिक राउस आले. ती कृष्णवर्णीयांची शाळा होती आणि बास्केटबॉलमध्ये तिचा दबदबा होता. पाचवा जॉन ईगन, शिकागोचाच गोरा मुलगा. १९६२-६३ च्या हंगामात आयर्लंडने सामन्याच्या सुरुवातीलाच चार कृष्णवर्णीय खेळाडू उतरवायला सुरुवात केली. डिसेंबर १९६२ मध्ये वायोमिंगविरुद्धच्या सामन्यात बदली खेळाडू आत आल्याने काही काळ पाचही खेळाडू कृष्णवर्णीय होते. अव्वल श्रेणीच्या महाविद्यालयीन सामन्यात असे पूर्वी घडल्याची नोंद नाही. आयर्लंडने त्याचा गाजावाजा केला नाही.

लॉयोलाचा संघ वाऱ्यासारखा धावे. संपूर्ण मैदानभर प्रतिस्पर्ध्यावर दाब आणायचा, चेंडू हिसकावायचा आणि श्वास घेऊ न देता बास्केट करायची, ही त्यांची रीत. सरासरी ९० हून अधिक गुण करून त्या वर्षी गुणसंख्येत हा संघ देशात पहिला आला. पण या वेगाची किंमत मैदानाबाहेर चुकवावी लागे. न्यू ऑर्लिन्सला गेले असता संघाला एका हॉटेलात राहता आले नव्हते. कृष्णवर्णीय खेळाडूंची सोय वेगळी, त्यांच्या वस्तीतील कुटुंबांकडे करावी लागली. ह्यूस्टनच्या सामन्यात प्रेक्षकांनी शिव्यांसोबत बर्फ, पॉपकॉर्न आणि नाणी फेकली. एकोणीस-वीस वर्षांच्या मुलांनी हे सोसले आणि सामना जिंकून निघून गेले. पुढे या हंगामाची कथा सांगताना मिसिसिपीच्या पलायनाचे जितके रसभरीत वर्णन होते तितके या नाण्यांचे होत नाही. हे असंतुलन लक्षात ठेवूनच पुढचा भाग वाचावा.

कारण पुढचा भाग खरोखरच एखाद्या हेरकथेसारखा आहे.

फेब्रुवारी १९६३ च्या अखेरीस मिसिसिपी स्टेटने पुन्हा परिषदेचे विजेतेपद आपल्या आवाक्यात आणले. सलग तिसरे, पाच वर्षांतील चौथे. विद्यापीठाचे अध्यक्ष होते डीन कॉल्व्हर्ड. (‘डीन’ हे त्यांचे नाव, पद नव्हे.) ते मूळचे नॉर्थ कॅरोलायनाचे, कृषिशास्त्राचे प्राध्यापक, स्वभावाने सावध. १९६१ आणि १९६२ चे नकार त्यांच्याच कारकिर्दीत गेले होते. या वेळी विद्यार्थी आणि माजी विद्यार्थी खेळण्याच्या बाजूने उघड बोलू लागले होते आणि मॅकार्थीही गप्प राहिला नाही.

तरीही काळ भलताच वाईट होता. अवघ्या पाच महिन्यांपूर्वी, ३० सप्टेंबर १९६२ च्या रात्री, याच राज्यातील ऑक्सफर्ड येथे मिसिसिपी विद्यापीठात जेम्स मेरेडिथ या पहिल्या कृष्णवर्णीय विद्यार्थ्याच्या प्रवेशावरून दंगल उसळली होती. दोघांचा बळी गेला, केंद्राला सैन्य धाडावे लागले. गव्हर्नर रॉस बार्नेट यांनी मेरेडिथची वाट स्वतः अडवली होती आणि त्यामुळे गोऱ्या मतदारांत त्यांची लोकप्रियता वाढली होती. अशा वेळी बास्केटबॉलसाठी या माणसाच्या विरोधात जाणे म्हणजे आपली नोकरी पणाला लावणे होते.

२ मार्च रोजी कॉल्व्हर्ड यांनी निवेदन काढले. सक्षम अधिकाऱ्याने अडवले नाही, तर संघ राष्ट्रीय स्पर्धेत खेळेल. वाक्य मोठे चतुर होते. अलिखित कायद्याचा सारा जोर कोणी कोणाला अडवण्याची वेळच येऊ नये यावर होता. भीतीपोटी प्रत्येक जण स्वतःच मागे सरे. कॉल्व्हर्ड यांनी चेंडू उलटवला. अडवायचे असेल तर आता कोणाला तरी पुढे येऊन, स्वतःच्या सहीने अडवावे लागणार होते.

गव्हर्नरांनी नापसंती जाहीर केली. जॅक्सन शहरातील एका दैनिकाने लॉयोलाच्या संघाचे छायाचित्र पहिल्या पानावर छापले. चार कृष्णवर्णीय चेहरे पाहून वाचक खवळतील हा हेतू स्पष्ट होता. ९ मार्च रोजी राज्यातील विद्यापीठांच्या विश्वस्त मंडळाची बैठक झाली. मंडळावरील बहुतेक माणसे वर्णविभाजनाची समर्थकच होती. तरीही ८ विरुद्ध ३ मतांनी कॉल्व्हर्ड यांचा निर्णय टिकला. मेरेडिथ प्रकरणात राज्याची देशभर जी नाचक्की झाली होती तिची पुनरावृत्ती त्यांतील काहींना नको असावी.

मग न्यायालय आले. १३ मार्च रोजी राज्याच्या सिनेटचे सदस्य बिली मिट्स आणि माजी सदस्य बी. डब्ल्यू. लॉसन यांनी संघाला राज्याबाहेर जाण्यापासून रोखणारा तात्पुरता मनाई हुकूम मिळवला. गंमत अशी की मिट्स हे मिसिसिपी स्टेटचेच माजी विद्यार्थी. जो कायदा लिहिलेलाच नाही त्याच्या भंगाबद्दल हुकूम कसा काढणार? म्हणून आधार घेतला गेला तो राज्याच्या ‘सार्वजनिक धोरणा’चा.

हुकूम निघाला तरी तो संबंधितांच्या हाती पडेपर्यंत लागू होत नाही, ही कायद्यातील फट येथे कामास आली. कॉल्व्हर्ड एका व्याख्यानाच्या निमित्ताने शेजारच्या अलाबामा राज्यात निघून गेले. मॅकार्थी आणि क्रीडासंचालक मोटारीने राज्याची हद्द ओलांडून मेम्फिसला पोहोचले आणि तेथून विमानाने नॅशव्हिलला गेले. शेरीफचे लोक कागद घेऊन आले तेव्हा ज्यांच्या नावे हुकूम होता ते कोणीच जागेवर नव्हते. उरले खेळाडू. दुसऱ्या दिवशी सकाळी आधी राखीव खेळाडूंना विमानतळावर पाठवण्यात आले. त्यांना कोणी अडवले असते तर मुख्य खेळाडू दुसऱ्या वाटेने निघणार होते. विमानतळावर कोणीच आले नाही. निरोप गेला, मुख्य खेळाडू आले, विमान उडाले. त्याच दिवशी राज्याच्या सर्वोच्च न्यायालयाच्या एका न्यायमूर्तींनी मनाई हुकुमाला स्थगितीही दिली. म्हणजे ही सारी धावपळ कायद्याच्या दृष्टीने शेवटी अनावश्यक ठरली. पण विमानात बसताना हे त्या मुलांना कुठे ठाऊक होते?

नॅशव्हिलला मॅकार्थी संघाला भेटला आणि सारे पुढे मिशिगनला गेले. नॅशव्हिल, म्हणजे ज्या शहराने लॉयोलाला हंटर आणि राउस दिले तेच.

इकडे लॉयोलाने ११ मार्च रोजी पहिल्या फेरीत टेनेसी टेक या संघाचा १११-४२ असा धुव्वा उडवला होता. या स्पर्धेच्या इतिहासातील ६९ गुणांचा हा फरक अद्याप कोणी ओलांडलेला नाही. या विजयाच्या आसपासच वसतिगृहात हार्कनेसच्या नावाने पत्रे येऊ लागली. त्यांतील काही कू क्लक्स क्लानच्या माणसांची होती. मजकूर धमक्यांचा. शेवटी आयर्लंडने खेळाडूंची टपाल आपल्याकडे घ्यायला सुरुवात केली. मिसिसिपीच्या खेळाडूंना शेरीफच्या कागदाची भीती होती; लॉयोलाच्या खेळाडूंपुढे जिवाचा प्रश्न होता.

प्रत्यक्ष सामना अत्यंत सभ्यपणे झाला. मिसिसिपी स्टेटची शैली लॉयोलाच्या अगदी उलट होती. चेंडू हातात ठेवायचा, पास करत राहायचे, खात्रीची संधी आल्याशिवाय फेकायचा नाही. सुरुवातीला ही युक्ती फळली आणि गुणफलक ७-० असा झाला. मग हळूहळू लॉयोलाने पकड घेतली. मध्यंतराला ते २६-१९ असे पुढे होते. मिसिसिपीचा लीलँड मिचेल १४ गुण आणि ११ रिबाउंड घेऊन झुंजत होता, पण सुमारे सात मिनिटे उरली असताना फाउलची मर्यादा संपल्याने त्याला बाहेर जावे लागले. हार्कनेसने २० गुण केले. लॉयोला ६१, मिसिसिपी स्टेट ५१.

कोणी कोणाला ढकलले नाही, कोणी शिवी दिली नाही, कोणतेही आकाश कोसळले नाही. दुसऱ्याच दिवशी तिसऱ्या क्रमांकाच्या सामन्यात मिसिसिपी स्टेटने बोलिंग ग्रीनला ६५-६० असे हरवले. याच बोलिंग ग्रीनने, नेट थर्मंड या उंचपुऱ्या कृष्णवर्णीय खेळाडूच्या जोरावर, फेब्रुवारीत लॉयोलाला हंगामातील पहिला पराभव दाखवला होता. तीन वेळा घरी बसवलेला मॅकार्थीचा संघ काय योग्यतेचा होता याचा अंदाज या निकालावरून येतो. संघ स्टार्कव्हिलला परतला तेव्हा विमानतळावर चाहते स्वागताला उभे होते. कॉल्व्हर्ड यांची नोकरी गेली नाही.

लॉयोलाचा हंगाम मात्र संपला नव्हता. इलिनॉय आणि ड्यूक यांना हरवून त्यांनी २३ मार्च रोजी लुइव्हिलमध्ये अंतिम सामना गाठला. समोर सिनसिनाटी, आधीच्या दोन वर्षांचे विजेते. त्यांच्याही पहिल्या पाचांत तीन कृष्णवर्णीय होते. म्हणजे सुरुवातीच्या दहा खेळाडूंत सात. उत्तरेचा मूक हिशेब राष्ट्रीय अंतिम सामन्यात सर्वांदेखत मोडला.

खेळ म्हणाल तर लॉयोलाकडून तो बराच वेळ अत्यंत वाईट झाला. ८४ प्रयत्नांत फक्त २३ बास्केट. उत्तरार्धात ते १५ गुणांनी मागे पडले. हार्कनेसला फार उशिरापर्यंत एकही बास्केट करता आली नव्हती. मग त्यांचा मैदानभराचा दाब हळूहळू लागू पडला, सिनसिनाटीच्या हातून चेंडू निसटू लागला, आणि काही सेकंद उरले असताना हार्कनेसनेच ५४-५४ अशी बरोबरी साधली. जादा वेळेत ५८-५८ असताना हंटरचा फेकलेला चेंडू कडीवरून उडाला, राउसने तो हवेतच पकडून पुन्हा आत टाकला आणि वेळ संपली. ६०-५८. नॅशव्हिलच्या एकाच शाळेतील दोन मुलांनी मिळून केलेली ती शेवटची बास्केट. आयर्लंडने पूर्ण सामनाभर एकही बदली खेळाडू उतरवला नाही. पाच जणांनी ४५ मिनिटे खेळून काढली. हंगामाची नोंद : २९ विजय, २ पराभव.

तीन वर्षांनी, १९६६ मध्ये, टेक्सास वेस्टर्नने पाचही कृष्णवर्णीय खेळाडूंसह अंतिम सामना सुरू केला आणि केंटकीच्या पूर्णपणे गोऱ्या संघाला हरवले. त्या विजयावर पुढे चित्रपट निघाला आणि लोकस्मृतीत तोच आरंभबिंदू ठरला. लॉयोलाचे नाव मागे पडले. त्यांच्या संघात ईगन होता, म्हणून चित्र तितके काळे-पांढरे नव्हते, आणि इतिहासाच्या लोकप्रिय कथनाला काळे-पांढरेच सोयीचे पडते. २०१३ मध्ये त्या संघातील हयात खेळाडूंना राष्ट्राध्यक्ष ओबामांनी व्हाइट हाउसमध्ये बोलावले तेव्हा अनेक तरुण अमेरिकनांना ही कथा नव्यानेच कळली.

हार्कनेस आणि गोल्ड यांची पुढे मैत्री झाली. २०११ मध्ये गोल्डचे निधन झाले तेव्हा हार्कनेस अंत्यविधीला गेला. शवपेटीजवळ त्या हस्तांदोलनाचे छायाचित्र मांडलेले त्याला दिसले. हार्कनेस २०२१ मध्ये वारला.

मिसिसिपीत मात्र त्या सामन्याने काय बदलले याचा हिशेब थोडा थंडपणे मांडावा लागतो. अलिखित कायदा त्या रात्री संपला, हे खरे. पण सामन्याला तीन महिने होण्याच्या आत, १२ जून १९६३ रोजी, कृष्णवर्णीयांच्या हक्कांसाठी झटणारे मेडगर एव्हर्स यांची जॅक्सनमध्ये स्वतःच्या घरासमोर गोळी घालून हत्या झाली. ज्या विद्यापीठाच्या संघाने हार्कनेसशी हात मिळवला तेथे हार्कनेससारखा एकही विद्यार्थी तेव्हा नव्हता. पहिला, रिचर्ड होम्स, १९६५ च्या जुलैमध्ये दाखल झाला. अध्यक्षपदी तेव्हाही कॉल्व्हर्डच होते, आणि या वेळी दंगल झाली नाही. मिसिसिपी स्टेटच्या बास्केटबॉल संघात कृष्णवर्णीय खेळाडू यायला मात्र १९७१ साल उजाडले.